मागे गेलेला पाव तास

"हा ग्लास आत्ताच फुटला होता," प्रभाकर म्हणाला.

टेबलावरच्या ग्लासला साधा तडाही गेला नव्हता. काल्हेरच्या सोसायटी हॉलमध्ये जमलेल्या माणसांनी ग्लासकडे पाहिलं, मग प्रभाकरकडे, मग एकमेकांकडे. कोणीतरी फिस्सकन हसलं.

शाळेतली विज्ञान शिक्षकाची नोकरी सोडून प्रभाकरने हे यंत्र बनवलं होतं. भंगारातल्या यंत्रमागाची मोटर, तिच्यावर तांब्याच्या तारेची वेटोळी आणि एक दांडा. दांडा ओढला की काळ मागे जायचा. फार तर पाव तास. घरी उतू गेलेलं दूध त्याने कितीदा तरी पुन्हा पातेल्यात आणलं होतं. पण मागे नेलेला काळ आठवायचा तो फक्त दांडा ओढणाऱ्याला. बाकीच्यांच्या लेखी काही घडलेलंच नसायचं. भरल्या हॉलसमोर ग्लास फोडून आणि काळ मागे नेऊन झाल्यावर त्या बुद्धिमान माणसाच्या लक्षात आलं, की आता दाखवायला काहीच उरलेलं नाही.

पहिल्या रांगेत हितेशभाई बसले होते. परिसरातली बरीचशी गोदामं त्यांची. यंत्र पटलं तर प्रयोगशाळेसाठी एका गोदामात जागा देईन, असं त्यांनी कबूल केलं होतं.

"ग्लास फुटला तेव्हा तुम्ही 'अरेरे' म्हणालात, हितेशभाई," प्रभाकर काकुळतीने म्हणाला.

"मग ग्लास फुटल्यावर काय 'वाहवा' म्हणणार, सर?"

हॉल हसला. मागच्या रांगेत ज्यांना ऐकू आलं नव्हतं, तेही हसले.

"कौतुक आहे ते वहिनींचं," हितेशभाई सगळ्यांकडे वळून म्हणाले. "त्या ऑफिसात राबतात आणि आमचे सर घरी बसून ग्लास जोडतात!"

तेव्हा प्रभाकरची बायको उठली. इतक्या वर्षांत सुमतीने त्या यंत्राला 'तुमचा डबा' यापलीकडे नाव दिलं नव्हतं. पाहुणे आले की ती त्याच्यावर चादर टाकायची. आता ती टेबलाला हात टेकून उभी राहिली.

"हसायचं तेवढं हसा," ती म्हणाली. "पण हे फुटला म्हणतात ना, मग तो फुटला होता. माझा नवरा हट्टी आहे, घरातल्या कुठल्या कामाचा नाही, बाजारातून कधी धड भाजी आणत नाही. पण खोटं बोलत नाही. कधीच नाही."

तिचा आवाज कापत होता. हशा क्षणभर थांबला आणि मग दुप्पट झाला. आता लोक तिलाही हसत होते.

प्रभाकरने बायकोकडे पाहिलंसुद्धा नाही. तो हितेशभाईंचं गदगदणारं पोट बघत होता. आपल्यासारख्या माणसाला या गोदामवाल्याने हसावं! त्याने दांडा ओढला. पुरता ओढला.

हॉल पुन्हा भरत होता. खुर्च्या सरकत होत्या, चहा फिरत होता. प्रभाकर तडक माईकपाशी गेला.

"माफ करा. यंत्रात बिघाड झालाय. प्रयोग रद्द."

कोणी हसलं नाही. "होतं असं, सर," हितेशभाई म्हणाले आणि चहा संपवून गाडीत जाऊन बसले.

घरी परतताना प्रभाकर रिक्षात यंत्र मांडीवर घेऊन ताठ बसला होता. अब्रू वाचली होती. टेमघरच्या अलीकडे रिक्षा कंटेनरांच्या रांगेत अडकली.

"लोक हसतील म्हणून तर रद्द केलं नाहीत ना?" सुमतीने विचारलं. "खरंच बिघडलं होतं?"

प्रभाकरला तिचा तो कापरा आवाज आठवला. अख्ख्या हॉलमध्ये त्याच्या बाजूने एकच माणूस उभं राहिलं होतं, आणि हे आता जगात एकट्या त्यालाच माहीत होतं. सांगावं म्हणून त्याने तोंड उघडलं. पण मग ते पुसून का टाकलं, तेही सांगावं लागलं असतं.

"हो," तो म्हणाला. "बिघडलं होतं."

सुमतीने लगेच विश्वास ठेवला.