हद्दीवरचं घर

"ओढ गं ताई, अडकली करवत!" भिंतीबाहेरून अस्लाक ओरडला.

"अडकली नाही, तूच ढकलतोयस," गुनहिल्ड आतून म्हणाली. "इतकी वर्षं लाकडं कापतोस, तरी तुझी ही खोड काही जात नाही मेल्या!"

दोघांनी धरायची करवत कधी ढकलायची नसते. आपण आपल्याकडे ओढायची, मग हात सैल सोडायचा आणि दुसऱ्याला ओढू द्यायचं. हे गुनहिल्डनंच धाकट्या भावाला शिकवलं होतं, नॉर्वेहून मिनेसोटाच्या या जंगलात ती दोघं आली तेव्हा. सरकार दोघांना वेगवेगळी जमीन देत होतं, पण ज्यानं त्यानं आपापल्या जमिनीवर राहिलं पाहिजे अशी अट. दोन घरं बांधायचं बळ कुणात होतं? त्यांनी बरोबर हद्दीवर ओंडक्यांचं एकच घर उभं केलं. तिची खाट तिच्या जमिनीत, त्याची त्याच्या, आणि शेगडी मधोमध. तपासायला आलेला साहेब खाटा बघून पोट धरून हसला आणि शिक्का मारून गेला.

आता अस्लाकचं लग्न ठरलं होतं. नणंदेच्या हाताखाली नांदणार नाही, असा नवरीचा निरोप. त्यानं तो भीतभीत सांगितला आणि गुनहिल्डच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"मग घेऊन जा तुझं अर्धं घर!"

आणि हा शहाणा खरंच बैल नि बर्फावरची घसरगाडी घेऊन दारात उभा! अहो, रागात माणूस काय वाटेल ते बोलतं. ते असं शब्दाला शब्द धरून बसायचं असतं का? पण मागे कोण हटणार? दोघं एकाच आईची. काल छप्पर उतरवलं, अस्लाकच्या अर्ध्या घराखाली घसरगाडी सरकवली, सकाळी पुढची भिंत कापली, आता मागची चालली होती.

त्यानं एकदा 'राहू दे' म्हणावं, एवढंच तिला हवं होतं. त्यालाही तेच हवं होतं, फक्त ताईनं आधी म्हणावं. ती आत, तो बाहेर, मध्ये भिंत. तोंड कुणाचं कुणाला दिसत नव्हतं. करवत मात्र छान चालली होती.

तळाचा ओंडका तेवढा राहिला. गुनहिल्डचा हात थांबला.

"काय गं? काय झालं?" अस्लाकनं लगेच विचारलं.

तिच्या अगदी ओठांवर आलं होतं.

"काही नाही," ती म्हणाली. "घाम पुसत होते."

बाहेर अस्लाक एकदा खाकरला. मग अस्लाकनं ओढलं. तिनं हात सैल सोडला.

ओंडका तुटला. बैलांनी जोर लावला तसं अर्धं घर करकरत बाजूला सरकलं. फट रुंदावली आणि दोघं समोरासमोर आली. अस्लाकचे डोळे लाल झाले होते.

"भुसा गेला," तो म्हणाला.

"हो, माझ्याही."

गाडी निघाली. थोडं पुढे जाऊन अस्लाक धावत परत आला. करवत त्याच्या खांद्यावरच राहिली होती.

"ही तुझी ना, ताई? इथं ठेवतो."

गुनहिल्ड तीन भिंतींच्या मध्ये शेगडीजवळ उभी होती. डोक्यावर उघडं आभाळ.

"ने तूच," ती म्हणाली. "तिला दोन माणसं लागतात."