तारखेचं दही

हेडक्लार्कची बढती आपल्याला डावलून टिपणिसांना दिली, म्हणून मोकाशींनी युनिव्हर्सिटीवर दावा लावला. टिपणीस दुसरे प्रतिवादी. पण दोघं पनवेलला एकाच आळीत राहणारे, आणि मुंबईची सकाळची एसटीही एकच. तारीख असली की मोकाशी टिपणिसांच्या ओट्याशी येऊन हाक मारायचे. मोकाशींची बायको कधीच गेलेली. त्यामुळे टिपणिसांची बायको नवऱ्याच्या हातावर दही घालायची आणि मग त्यांच्याही.

"दही एकाच वाटीतलं. देवानं तरी कुणाचं ऐकावं?" टिपणीस हसायचे.

चौथ्या वर्षी टिपणीस गेले. तेरावं झालं आणि तारीख आली. वकिलांनी निरोप धाडला होता, "आता युनिव्हर्सिटीही विरोध करणार नाही, जागा रिकामीच आहे. आज निकाल आपलाच."

मोकाशी निघाले, पण पाय सवयीनं त्या ओट्याशीच थांबले. हाक मारायला तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. आतून चाहूल लागली. वहिनी दाराआडच उभ्या राहिल्या. कपाळ मोकळं.

"तारीख ना, भाऊजी?"

"हो."

"सवयीनं दही लावलं होतं. पण माझ्या हातचं आता नको. कामाला निघालात, अपशकुन व्हायचा."

मोकाशींनी तळहात पुढे केला.

"घाला, वहिनी. आज हरलो तरच बरं."