अळणी चातुर्मास

“आधी कुशीवर वळायचं, पाय खाली सोडून दोन मिनिटं बसायचं, मगच उभं राहायचं.” आमच्या डॉक्टरीणबाईंनी यांना माझ्यादेखत बजावलं होतं. उठताना यांचा रक्तदाब एकदम खाली जायचा. पाणी भरपूर प्या, मीठ तोडू नका, असंही त्या म्हणाल्या.

पण चातुर्मास लागला होता. बावीस वर्षं आमच्याकडे हे चार महिने अळणी जेवण. “देवाचं आहे, काही होत नाही,” मी म्हटलं. “देव कुठं जेवतोय? जेवायचंय मला,” हे हसले आणि मुकाट्यानं जेवले.

गुरुवारी आरतीला हे पाटावर बसूनच राहिले. मी घंटा थांबवली. “उठा की! देवासमोर बसून आरती म्हणतात का कुणी?” हे झटकन उठले आणि चौरंगावर कोसळले. खुब्याचं हाड मोडलं.

दवाखान्यात शेजारच्या कुमुदवहिनी मला म्हणाल्या, “तुमच्या व्रतांची पुण्याई, म्हणून एवढ्यावर निभावलं.” मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. यांनी सगळ्यांना पाय घसरला म्हणूनच सांगितलं होतं. वहिनी गेल्यावर हे हळूच म्हणाले, “उद्या ऑपरेशन आहे. भूल देणाऱ्या डॉक्टरांना तरी खरं सांग. मीठ बंद होतं, चक्कर येत होती, सगळं.”

“सांगते,” मी म्हटलं. यांच्या अंगावरचं पांघरूण सारखं केलं आणि वरच्या मजल्यावर डॉक्टरांच्या खोलीकडे निघाले.