आभाराचं भाषण

उभी हयात दुसऱ्यांचे सिनेमे कापण्या-जोडण्यात गेली, तेव्हा कुठे एडिटरसाहेबांना पुरस्कार मिळाला. घरी बायकोशी कधी धड दोन शब्द न बोललेला हा माणूस स्टेजवर मात्र भरभरून फक्त तिच्याबद्दलच बोलला. काही दिवसांनी टीव्हीवर तो कार्यक्रम लागला, तेव्हा अंथरुणाला खिळलेली ती मुद्दाम उशीला टेकून बसली. साहेबांनी ट्रॉफी घेतली, हात जोडले आणि लगेच जाहिरात लागली.

त्यांनी तणतणत चॅनेलला फोन लावला. कार्यक्रम एडिट करणारा त्यांचाच चेला निघाला.

“सर, आभारावर आधी कात्री चालवायची, हे तुम्हीच शिकवलंत ना?”

साहेब बायकोकडे वळले. “अगं, खरंच बोललो होतो तुझ्याबद्दल. कापलं त्यांनी.”



“असू द्या हो,” ती कूस बदलत म्हणाली, “दर वेळी काही ना काही कारण असतंच तुमचं.”