पोराचा आवाज

माझ्या थोरल्या नातवाचं बारसं झालं, त्या वर्षी कुमुदिनीताईंच्या घशाचं ऑपरेशन झालं. एका जपानी कार्टूनमधल्या खोडकर पोराला मराठीत त्यांचा आवाज होता. त्याच मालिकेत मी कोंबड्या, मांजरं आणि भांडखोर शेजारणी करायची. ताई बऱ्या होईपर्यंत पोराचं कामही माझ्याकडे आलं.

मी चाळिशीनंतर वाचायला शिकले, त्यामुळे पडद्याकडे बघत कागद वाचणं मला जमायचं नाही. ताई घरी बोलावून, कुजबुजत का होईना, वाक्यं पाठ करून घ्यायच्या. "त्याचं तोंड मिटलं की तूही मिट. नाहीतर पोरगं पोटातून बोलतंय असं वाटेल," म्हणायच्या. बोलणं जमलं, हसणं जमेना. तेव्हा स्टुडिओवाल्यांनी ताईंचं जुनं हसू माझ्या वाक्यांना जोडलं.

दिवाळीनंतर ताई परत माइकपुढे उभ्या राहिल्या. पोराचा आवाज अधूनमधून फाटत होता. काचेपलीकडून रेकॉर्डिस्टने मला विचारलं, "मावशी, तुमचा कान पक्का आहे. ताईंना थोडा वेळ देऊ, की पोरगं तुम्हीच करता?"

ताईंना त्या पोराशिवाय दुसरं काम नव्हतं. "वेळ द्या" एवढंच मला म्हणायचं होतं. मी पदर सारखा करत राहिले.

"करेल ती," शेवटी ताईच म्हणाल्या. "हसायला मी आहेच."

निघताना त्यांनी मला पुढची वाक्यं पाठ करायला घरी बोलावलं. मी गेले, आणि त्यांनी केलेला चहाही प्यायले.

कुमुदिनीताई पुढच्या होळीच्या आदल्या दिवशी वारल्या.