नमुना सही

"सही जुळत नाही, काका," काउंटरवरच्या बाई म्हणाल्या आणि अर्ज काचेखालून परत सरकवला.

हे दुसऱ्यांदा झालं. भिंगसाहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. शेजारच्या खुर्चीत त्यांची बायको मांडीवर पर्स घेऊन बसली होती. तिने काही मान वर केली नाही.

भिंगसाहेब हे नाव बँकेतलं. बत्तीस वर्षं ते चेकवरच्या सह्या तपासत बसले आणि त्यांच्या टेबलावरून एकही खोटी सही पुढे सरकली नाही. खिशातलं भिंग निवृत्तीनंतरही सुटलं नव्हतं. अशा माणसाला त्याची स्वतःचीच सही जुळत नाही म्हणून सांगायचं म्हणजे कहरच झाला.

काम तसं किरकोळ होतं. त्यांचे शेअर ज्या लहान ब्रोकरकडे होते, तो एका मोठ्या ब्रोकर कंपनीत विलीन झाला होता. जुन्या ग्राहकांनी आपापले शेअर नव्या खात्यात वर्ग करून घ्यायचे. त्यासाठी एका पानाचा अर्ज आणि खाली सही. ती जुन्या फायलीतल्या नमुना सहीशी ताडून बघितली, की झालं. बाकीचे लोक दहा मिनिटांत मोकळे होत होते.

"पुन्हा एकदा करून बघा," बाई कोरा अर्ज देत म्हणाल्या. स्वभावाने त्या वाईट नव्हत्या. "पण तिसऱ्यांदाही नाही जुळली, तर मला डॉक्टरांचा दाखला मागावा लागेल. नियमच आहे तसा."

डॉक्टर म्हटल्यावर भिंगसाहेबांना शुक्रवार आठवला. मागच्या आठवड्यात अर्ज पहिल्यांदा परत आला, तेव्हाच मुलीने मेंदूच्या डॉक्टरांची शुक्रवारची वेळ घेऊन ठेवली होती. "बाबा, अशीच सुरुवात होते," ती फोनवर म्हणाली होती, "आता सगळे व्यवहार आमच्याकडे द्या." तेव्हापासून ते रोज सकाळी दार लावून वहीत सह्या गिरवत होते. अर्धी वही भरली. सगळ्या सह्या त्यांना सारख्याच दिसत. आपल्याला सारख्या दिसतात, हेच तर दुखणं नसेल? ही भीती त्यांनी बायकोलाही सांगितली नव्हती.

"तरी मी म्हणत होते, अर्ज माझ्याकडे द्या," बायको हळूच म्हणाली. "आजवर इथले सगळे कागद मीच आणून देत होते ना?"

"सही माझी. तू येऊन काय दिवे लावणार होतीस?" ते खेकसले. मग बाईंकडे वळले. "विसरतोय म्हणे मी! खातं उघडलं तो दिवस अजून लख्ख आठवतो. जेवणाच्या टेबलावर अर्जावर सही केली आणि हिने ठेवलेला चहाचा कप माझ्याच कोपराने उडाला. चहाने अर्ज न्हाऊन निघाला. मी तर लगेच पंधरा दिवसांसाठी ऑडिटला बाहेरगावी गेलो. काय गं, वाळवून दिला होतास ना तो?"

"दिला की," बायको म्हणाली.

"काकांची स्मरणशक्ती तर चांगली आहे," बाई हसल्या.

तेवढ्याने भिंगसाहेब खुलले. "अहो, एकदा एक बाई नवऱ्याचा चेक घेऊन आली. सही कशी, अगदी हुबेहूब. पण तिथेच फसली. माणूस स्वतःची सही फेकतो, दुसऱ्याची चितारतो. सगळ्यांसमोर उभी केली तिला. रडायला लागली, म्हणाली नवरा अंथरुणाला खिळलाय. म्हटलं, बाई, ते काही मला सांगू नका. खोटं ते खोटं."

हा किस्सा सुरू झाला की घरी त्यांची बायको पाणी आणायला उठायची. इथे उठून जाणार कुठे? तिने पर्समधून रुमाल काढला आणि त्याची घडी मोडून पुन्हा घातली.

"एक विनंती आहे," भिंगसाहेबांचा आवाज खाली आला. "ती नमुना सही मला एकदा बघू द्या. मीही याच कामातला माणूस आहे."

बाईंनी इकडेतिकडे पाहिलं. ग्राहकाला फाइल दाखवायची पद्धत नव्हती. पण समोरच्या म्हाताऱ्याच्या चेहऱ्याकडे बघून त्यांना राहवलं नाही. कपाटातून पिवळी पडलेली फाइल काढून त्यांनी काचेखालून दिली. "मी आतून शिक्का घेऊन येते. तोवर बघून घ्या आणि शांतपणे सही करा."

भिंगसाहेबांनी फाइल उघडली. खातं उघडल्याचा अर्ज पहिल्याच पानावर होता. कोपरे पिवळे पडलेले, पण बाकी कागद स्वच्छ. त्यांनी तो उलटून पाहिला, पुन्हा सुलटा केला. चहाचा एक डागसुद्धा कुठे नव्हता.

मग त्यांनी खिशातून भिंग काढून सहीवर धरलं. एकेक वळण जपून काढलेलं होतं. पेन दोन ठिकाणी उचलून पुन्हा टेकवलेलं होतं.

त्यांनी भिंग खिशात ठेवलं. हात शाबूत होता, डोकंही शाबूत होतं. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच त्यांना हलकं वाटलं. शेजारी रुमालाचा पार चोळामोळा झाला होता.

"अहो..." बायको म्हणाली.

बाई अजून आल्या नव्हत्या. भिंगसाहेबांनी कोरा अर्ज उचलून बायकोच्या पर्सवर ठेवला, पेनाचं टोपण काढलं आणि पेन तिच्या हातात दिलं.

"कर लवकर," ते कुजबुजले. "आणि होती तशीच चितार, फेकू नकोस."