तारीख नको

परळच्या 'पळघटिका' कंपनीने काळ ओलांडणारी केबिन विकायला काढली. आत बसायचं, दार लावायचं आणि हव्या त्या दिवशी उतरायचं. मधली वर्षं आतल्या माणसाला मिनिटभरात सरतात. चाळ पाडल्यापासून अकरा वर्षं भाड्याच्या खोलीत नव्या घराची वाट बघणारे दत्ताराम पालव बायकोला घेऊन कंपनीच्या ऑफिसात पोचले.

"काका, उतरायची तारीख सांगा," काउंटरवरची मुलगी म्हणाली.

"तारखा आमचो बिल्डर देताच गो, दर गणपतीक नवीन. तू आपलं लिही, घराचा ताबा मिळेल त्या दिवशी."

मुलीने तसंच टाईप केलं. मशीननेही तक्रार केली नाही.

"प्रमिला, मी पुढे जाऊन घर बघतो. मागून तू ये," म्हणत दत्ताराम आत बसले आणि दार लागलं.

दारावर साल दाखवणारे आकडे पळू लागले. २०३५ गेलं, २०६० गेलं, २०९० सुद्धा थांबलं नाही. प्रमिलाताई काउंटरकडे धावल्या.

"अगो बाय, थांबव ते! माझा माणूस आहे आत!"

"ठरवलेला दिवस आल्याशिवाय दार उघडत नाही, काकू," मुलगी म्हणाली, आणि बोलता बोलता तिने स्वतःच टाईप केलेली ओळ पुन्हा वाचली.



२२०० साल मागे पडलं, तेव्हा आतून दत्तारामांचा खुशीतला आवाज आला, "प्रमिला, पेढे सांगून ठेव गो, दार आता उघडेलच."